रविवारचा शिक्का

१

फाइलमध्ये सगळं होतं, फक्त पोच नव्हती.

भर कोर्टात, जज मॅडमसमोर, मी ती फाइल तीनदा उलटीसुलटी केली. नोटिशीच्या ज्या प्रतीवर सरकारी कार्यालय ‘मिळाली’ असा शिक्का मारून देतं, ती प्रत म्हणजे पोच. तेवढा एकच कागद गायब होता.

सोलापुरात एप्रिलच्या चोवीस तारखेला सकाळी अकरा वाजता माणसाला घाम येतोच. मला मात्र त्या दिवशी घामाच्या आंघोळी होत होत्या.

माझी पक्षकार खातूनबी. अक्कलकोट रोडला तिची एक शेड आहे. तिथं अकरा बायका चादरींच्या आणि टॉवेलांच्या कडा शिवतात. जागा सरकारी, पण तीस वर्षांपूर्वी तिच्या नवऱ्याला रीतसर वाटपात मिळालेली. फेब्रुवारीत जागावाटप कार्यालयानं अचानक आदेश काढला की जागा रिकामी करा.

आता सरकारी अधिकाऱ्यावर त्याच्या कामाबद्दल दावा लावायचा, तर कायदा म्हणतो, आधी लेखी नोटीस द्या आणि दोन महिने गप्प बसा. कलम ऐंशी. आम्ही पंचवीस फेब्रुवारीला नोटीस दिली. दोन महिने पंचवीस एप्रिलला भरणार होते. त्या दिवशी चौथा शनिवार, कोर्ट बंद. म्हणजे दावा सोमवारी, सत्तावीसला, असं मी आरामात ठरवून टाकलं होतं.

आणि काल, गुरुवारी दुपारी चार वाजता शेडच्या शटरवर कागद चिकटला: रविवार, सव्वीस एप्रिल, सकाळी आठ वाजता बांधकाम पाडण्यात येईल.

अशा वेळेसाठी त्याच कलमात एक खिडकी ठेवलेली आहे. खरीच तातडी असेल, तर कोर्टाच्या परवानगीनं मुदतीआधीही दावा लावता येतो. मी त्या खिडकीतून शिरायला गेलो आणि सरकारी वकील उठले.

“मॅडम, आम्हाला नोटीसच मिळालेली नाही. आवक नोंदवहीत नोंद नाही. या बाई दोन महिने स्वस्थ बसल्या आणि आज तातडी म्हणून धावत आल्या. ही तातडी त्यांनीच तयार केलेली आहे.”

जज मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. “नोटीस दिली होती ना? पोच दाखवा.”

मी फाइल चौथ्यांदा चाळली.

“तीन वाजता पुन्हा घेते,” त्या म्हणाल्या. “पोच असेल तर ऐकते. नसेल तर दावा परत. नोटीस द्या, दोन महिन्यांनी या.”

दोन महिन्यांनी त्या जागेवर मोकळं मैदान असणार होतं. बाहेर व्हरांड्यात खातूनबीनं माझी बाही धरली. “वकीलसाहेब, कागद कुटं गेला हो? माझ्या अकरा जणी तितं बसल्यात. त्यास्नी काय सांगू मी?”

मी मोबाइल काढला आणि आक्काला फोन लावला.

२

सरोजिनी ही माझी थोरली बहीण. एकतीस वर्षं तिनं वेगवेगळ्या सरकारी कार्यालयांच्या बारनिशीत, म्हणजे आवक-जावक टेबलावर काढली. कागद कुठं जातो, कुठं अडतो आणि कुठं मुद्दाम झोपवला जातो, हे तिला झोपेतही सांगता येतं. मला ती अजूनही शाळकरी समजते.

ती रिक्षानं माझ्या ऑफिसात आली आणि आल्या आल्या पंख्याखालची माझी खुर्ची घेतली. “आधी बस,” ती म्हणाली. “तुझ्या येरझाऱ्यांनी मला चक्कर येते. टपालानंही का पाठवली नाहीस नोटीस?”

“हातोहात दिली की त्याच दिवशी पोच मिळते म्हणून.”

“आणि आता मिळाली का?”

मी बसलो आणि दोन मिनिटांत पुन्हा उठलो. पोच शेवटची कधी दिसली? काल संध्याकाळी, दाव्याची तयारी करताना. तेव्हा माझ्या ऑफिसात तीन माणसं होती. माझी ज्युनिअर वैदेही, खातूनबीचा पुतण्या एजाज, आणि बावीस वर्षांपासूनचे माझे मुन्शी महिपतीकाका. माझा संशय तयारच होता.

“एजाज,” मी आक्काच्या कानात म्हणालो. “त्याला शेड चिंचोळीला हलवायची आहे. काकीशी त्यावरून भांडण आहे. आणि काल तो फाइलजवळ दहा मिनिटं एकटा होता.”

आक्कानं त्याला समोर बसवलं. एजाज टेम्पो चालवतो, दणकट गडी आहे, पण आक्कासमोर तो बुटाकडेच बघत राहिला.

“भांडलो की काकीसंगं,” तो म्हणाला. “चिंचोळीला रस्ता मोठा हाय, माल चढवायला बरं, असं म्हनलो. पर ती हिथनं हलायची न्हाय म्हटल्यावर विषय संपला, आक्का. शेड पडली तर माझ्या अम्मीचं मशीन पन पडंल की.”

“फाइल उघडली होतीस?”

“न्हाय. ती पांढरी नाडी सोडायची तरी कशी? लई घट्ट गाठ असती त्याला.”

आक्कानं फाइलची नाडी हातात घेतली. सकाळी कोर्टात मीच ती दातांनी सोडली होती, कारण महिपतीकाकांची दुहेरी गाठ माझ्या नखांना कधीच दाद देत नाही.

मग वैदेही. बिचारीचे डोळे आधीच भरले होते. “सर, मी कागदांची यादी केली. चौथ्या क्रमांकावर ‘नोटीस व पोच’ लिहिलं. मिळाल्याची तारीख लिहायला पोच मागितली, तर काकांनी ती खिडकीशी नेऊन पाहिली. बराच वेळ पाहिली. मग म्हणाले, तारखेचा रकाना मोकळा सोड, मी भरतो.”

“मग?”

“मग मी घरी गेले. फाइल काकांनीच बांधली.”

आक्कानं यादी पाहिली. चौथ्या क्रमांकापुढचा रकाना अजून मोकळाच होता.

“काकांचं नावसुद्धा काढू नकोस,” मी तिला बजावलं. “तो माणूस माझ्या वडिलांसारखा आहे.”

“वडिलांशी असंच बोलायचास? जानेवारीत तारीख चुकली तेव्हा त्याला पक्षकारांसमोर काय म्हणालास? घरी येऊन तूच फुशारकीनं सांगितलं होतंस.”

म्हणालो होतो ते मला आठवत होतं. पुन्हा चूक झाली तर या ऑफिसचा उंबरा चढू नका, असं म्हणालो होतो. मी खिडकीबाहेर बघायला लागलो.

तेवढ्यात महिपतीकाका पाण्याचा तांब्या घेऊन आत आले. आज ते कोर्टातही उशिरा पोचले होते, आणि तिथंही कुणाशी बोलले नव्हते. आक्कानं त्यांच्या हातातून तांब्या घेतला आणि त्यांच्या अंगठ्याकडे पाहिलं. अंगठ्याला जांभळी शाई लागली होती.

“मुकुंदा, तुझ्या ऑफिसात शिक्क्याचं पॅड आहे?”

“आहे. पण महिन्याभरापासून कोरडं पडलंय. का?”

“काही नाही,” आक्का म्हणाली. काका बाहेर गेल्यावर ती उठली. “चल. मला जागावाटप कार्यालयाची बारनिशी बघायचीय.”

३

साडेबाराला आम्ही पोचलो. काउंटरमागे आवक कारकून बिभीषण डबा उघडायच्या बेतात होता. मी तावातावानं पुढे झालो, तर आक्कानं मला कोपरानं मागे ढकललं.

“जेवा हो तुम्ही,” ती त्याला म्हणाली. “मीही याच टेबलावर एकतीस वर्षं काढली. डबा उघडला की माणूस येतोच.”

बिभीषण हसला. “व्हय बगा, मॅडम. रोजचंच हाय.”

पाच मिनिटांत दोघांची अशी गट्टी जमली की मी तिथं नकोसा झालो. जाड नोंदवह्या, मोडकी कपाटं, न मिळणारी शाई. मी घड्याळ बघत होतो. पाऊण वाजला.

“शिक्का मात्र नवा दिसतोय,” आक्का म्हणाली.

“मार्चात आला. जुन्याची तारखेची पट्टी लई सैल झाली हुती. सकाळी टाचणीनं आकडा लावावा, तर ठोकताना मागं घसरायचा. दोन अर्ज केले तवा नवा दिला.”

“फेब्रुवारीत फार त्रास झाला असेल.”

“त्रास म्हंजे! बगायला कुनाला येळ? मी ठोकायचा, लोक घिऊन जायचे.”

आक्कानं आवक नोंदवही मागितली. त्यानं ती सहज पुढे केली. पंचवीस फेब्रुवारीच्या पानावर खातूनबीचं नाव खरंच नव्हतं. सरकारी वकील खोटं बोलले नव्हते.

आक्का मात्र शांत होती. “ही साधी आवक झाली. कलम ऐंशीच्या नोटिशींची वही वेगळी असते. ती कुठंय?”

बिभीषणचा हात डब्यावर तसाच थांबला. त्यानं साहेबांच्या बंद केबिनकडे पाहिलं. “ती साहेबांच्या टेबलावर असती,” तो हळू आवाजात म्हणाला. “मला इचारू नका, मॅडम. लेकरंबाळं हायेत मला.”

“नाही विचारत. एवढंच सांगा, आज सकाळी आमचे महिपती आले होते ना?”

“आले हुते. दार उघडायच्या आधीपासनं भायेर हुबे. हात जोडताना सगळा अंगठा पॅडवर पडला त्यांचा. पर ते मागत हुते ते मला जमन्यासारखं नव्हतं.”

बाहेर उन्हात येईपर्यंत मी कसाबसा तोंड बंद ठेवून होतो. “म्हणजे काकांनी चोरली? काका फुटले?”

“गप रे,” आक्का म्हणाली. “ते फुटले असते तर यांच्या दारात सकाळी हात जोडत उभे राहिले असते का? पोच हरवलेली नाही. महिपतींच्या खिशात आहे. आणि न बघताच सांगते, तिच्यावरची तारीख चुकलेली आहे.”

४

महिपतीकाका कोर्टाच्या आवारात लिंबाखाली बसले होते. खातूनबी आणि एजाज शेजारी होते. आक्का त्यांच्यासमोर दगडावर बसली.

“काका, नाडीला तुमचीच गाठ होती. दुसऱ्या कुणी कागद काढला असता तर ती गाठ पुन्हा तशी बसली नसती. यादीत तारीख भरायची तुम्ही टाळलीत. अंगठ्याला बारनिशीची शाई आहे. त्यांचा जुना शिक्का घसरत होता. द्या तो कागद.”

काकांनी सदऱ्याच्या आतल्या खिशातून प्लॅस्टिकची पिशवी काढली. तिच्यात चार घड्यांचा कागद होता.

पोच होती. जागावाटप कार्यालयाचा गोल शिक्का होता. आणि शिक्क्यात तारीख होती बावीस फेब्रुवारी.

“रविवार,” काका म्हणाले. “सरकारी हापीस बंद. आनि नोटिशीवर तुमची सही चोवीसची. चोवीसला लिवलेला कागद बावीसला मिळतोय कसा? बगनारा म्हनंल, वकिलानं घरी शिक्का बनवला. तुमची सनद जायाची, साहेब. मी काउंटरवर तारीख बगितली न्हाय. बावीस वर्सांत पयल्यांदा बगितली न्हाय. काल खिडकीत बगितली अन् कागद खिशात घातला. बिभीषणला म्हनलो, बाबा, नीट तारखंचा मारून दे. त्यो म्हनला, मागच्या तारखंचा मारला तर नोकरी जाती.”

“मला सांगायचं!” मी ओरडलो.

“कसं सांगू?” काका म्हणाले. एवढंच.

रागानं मी नेहमी पेटतो, पण त्या वेळी मला फक्त लाज वाटली.

एजाज कागदाकडे वाकून बघत होता. “साहेब, दोनाचा पाच करायचा. एका टिकलीचं काम हाय. कोन बगतंय?”

खरं सांगतो, क्षणभर मी कागदाकडे तसं पाहिलं. दीड वाजला होता. अकरा यंत्रं, अकरा बायका, आणि मधे एक आकडा. खातूनबीनंच एजाजच्या दंडावर चापट मारली. “तौबा! खरा कागद हाय आपला. त्याला खोटा नको करू.”

“बरोबर बोलल्या,” आक्का म्हणाली. “आता डोकं चालवा. त्या दिवशी शिक्का घसरला, तर तो एकट्या खातूनबीसाठी घसरला का? त्या काउंटरवर आणखी कुणी कागद दिलाच असेल. मुकुंदा, तुम्हा वकिलांचा तो व्हॉट्सॲप ग्रुप आहे ना? शुभेच्छांशिवाय कधी काही टाकता का त्यावर?”

मी टाकलं. ‘पंचवीस फेब्रुवारीला जागावाटप कार्यालयात कुणी अर्ज दिला असल्यास कृपया पोच दाखवावी. अत्यंत तातडीचं.’ पावणेदोनला आलेले नमस्काराचे जोडलेले हात, दोनला आलेली कुणाच्या तरी वाढदिवसाची फुलं, आणि मग काहीच नाही. सव्वादोन. मी लिंबाला अठरा फेऱ्या मारल्या. आक्कानं मोजल्या.

दोन वाजून चाळीस मिनिटांनी अक्कलकोटचे चनमल्लप्पा वकील धापा टाकत आले. “एनरी, काय हो मुकुंदराव! मोबाइल आत्ता बघितला. मोजणीचा अर्ज दिला होता मी त्या दिवशी. ही पोच. काय गडबड आहे?”

मी पोच हातात घेतली. अर्जाची तारीख चोवीस फेब्रुवारी. तोच गोल शिक्का. शिक्क्यात बावीस.

“अरेच्चा,” चनमल्लप्पा चष्मा वर करून म्हणाले. “रविवार की हो हा! दोन महिने फाइलला आहे, मी बघितलंच नाही.”

महिपतीकाकांनी मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं. काल संध्याकाळपासून पहिल्यांदा त्यांच्या चेहऱ्यात थोडा जीव आला.

“धाव,” आक्का म्हणाली. “आणि ऐक, मुकुंदा. एक गोष्ट अजून राहिलीय. एकतीस वर्षांत मी एकही सरकारी माणूस रविवारी सकाळी आठला कामावर आलेला पाहिला नाही. हे का येतायत?”

मी दोन पायऱ्या चढलो होतो, तिथंच थांबलो. मग मला उत्तर दिसलं आणि मी धावलोच.

५

तीनला दोन मिनिटं कमी होती. सरकारी वकिलांच्या मागे जागावाटप कार्यालयाचे साहेब स्वतः येऊन बसले होते. पांढरा शुभ्र शर्ट, घामाचा थेंब नाही.

मी दोन्ही पोच पुढे ठेवल्या आणि आधी स्वतःच सांगून टाकलं. “मॅडम, आमच्या पोचेवरची तारीख चुकीची आहे. ती आम्ही वेळेवर पाहिली नाही. चूक माझ्या ऑफिसची, म्हणजे माझी. माझे मुन्शी प्रतिज्ञापत्र द्यायला तयार आहेत.”

सरकारी वकील उठले. “रविवारचा शिक्का! मॅडम, हे तर उघड बनावट…”

“मग ही दुसरीही बनावट असेल,” मी म्हणालो. “वकील दुसरे, पक्षकार दुसरा, गाव दुसरं. दोघांचेही कागद चोवीसला लिहिलेले, दोघांवरही बावीसचा शिक्का. दोन अनोळखी माणसं घरी बसून एकसारखी चूक बनवत नाहीत. ही चूक काउंटरची आहे. तो शिक्का मार्चात बदलला, तशी मागणी कार्यालयानंच केली होती.”

मॅडमनी दोन्ही कागद शेजारी ठेवून पाहिले. बराच वेळ पाहिले. माझा पाय टेबलाखाली थांबायला तयार नव्हता.

“आणि मॅडम, शिक्का बाजूला ठेवू. साहेबांना नोटीस मिळालीच नसेल, तर त्यांनी रविवार कुठून काढला? आमची मुदत पंचवीसला, शनिवारी संपते. त्या दिवशी कोर्ट बंद. दावा लावायचा आमचा पहिला दिवस सोमवार. सगळं वर्ष मोकळं असताना, सुट्टीच्या दिवशी, बरोबर या दोहोंच्या मधे जेसीबी येतो. नोटीस न वाचलेल्या माणसाला एवढा अचूक हिशेब कसा जमला? कलम ऐंशीच्या नोटिशींची त्यांची वेगळी वही आहे. ती आज कोर्टात का नाही?”

मॅडमनी साहेबांकडे पाहिलं. “रविवार कुणी ठरवला?”

साहेब उठले. “मॅडम, ते… प्रशासकीय सोय…”

“वही कुठं आहे?”

साहेबांनी सरकारी वकिलांकडे पाहिलं. सरकारी वकील म्हातारे आणि सरळ गृहस्थ आहेत. त्यांनी साहेबांचा चेहरा नीट न्याहाळला आणि मग माझ्याकडे न बघता म्हणाले, “मॅडम, मला पक्षकाराशी बोलून सूचना घ्यायला वेळ हवा.”

“वेळ घ्या,” जज मॅडम म्हणाल्या. “गुरुवारी वहीसकट या. तोपर्यंत शेडला हात लावायचा नाही. वादीला मुदतीआधी दावा लावायची परवानगी देत आहे.”

मागच्या बाकावर खातूनबीनं पदर डोळ्यांना लावला.

६

रविवारी सकाळी आठ वाजता मी अक्कलकोट रोडला गेलो. काम काही नव्हतं, पण घरी बसवेना. रस्ता रिकामा होता. जेसीबी आला नव्हता. शटर अर्धं वर होतं आणि आतून यंत्रांचा आवाज येत होता. त्या बायका रविवारी कामाला येत नाहीत, पण त्या दिवशी अकराच्या अकरा आल्या होत्या. दारात एजाज बसला होता. त्याच्या शेजारी महिपतीकाका होते. ते सातपासून पहारा देत होते म्हणे.

सोमवारी सकाळी काकांनी माझ्या टेबलावर एक कागद ठेवला. स्वच्छ अक्षरात राजीनामा होता. आक्का डबा द्यायला आली होती, ती दारातच थांबली.

“आमचा येळ झाला, साहेब,” काका म्हणाले. “डोळं दगा द्याय लागलं. आज शिक्का घसरला, उद्या मी घसरीन.”

मी कागद वाचला. बावीस वर्षं या माणसानं माझ्या तारखा सांभाळल्या, आणि मी त्याची एक चूक चारचौघांत मोजून दाखवली होती. तोंडानं माफी मागायची मला सवय नाही. तरी मागितली. अडखळत मागितली, पण आक्कासमोर मागितली. काका भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत राहिले.

“पोच पायजे,” ते म्हणाले. “कागद दिला की पोच घ्यायची. तुमीच शिकवलंय.”

मी पेन काढलं. त्यांच्या प्रतीवर लिहिलं: मिळाला, सत्तावीस एप्रिल. सही केली. मग म्हणालो, “पण काका, आधी नोटीस लागते. सरकारवर दावा लावतानासुद्धा दोन महिने थांबावं लागतं, मी काय सरकारपेक्षा कमी आहे? आजपासून दोन महिने मोजा. तोवर कामावर यायचं.”

“आनि दोन महिन्यांनी?”

“तेव्हा तुम्हाला थांबवायला मी तातडीचा अर्ज करीन.”

आक्का दारात खाली मान घालून डब्याचं झाकण उगीचच घट्ट करत होती. काकांनी पोच हातात घेतली, खिडकीशी नेली आणि चष्मा लावून तारीख वाचली. एकदा वाचली, मग बोट ठेवून पुन्हा वाचली. मग ती घडी करून खिशात ठेवली आणि खातूनबीची फाइल बांधायला घेतली.